वृक्षांची कैफियत मांडणारा चित्रकार



रूसो हे नाव उच्चारताच ‘सामाजिक करार’ लिहिणारा तत्त्वज्ञ डोळ्यांपुढे उभा राहतो. आजच्या व्याख्यानाचा विषय असलेला थिओडोर रूसो निराळा. तो १८१२ साली पॅरिसमध्ये एका शिंप्याच्या घरी जन्मला. त्या काळी निसर्गचित्राला प्रतिष्ठा हवी असेल, तर त्यात ग्रीक देवता किंवा रोमन वीर असावा लागे. रूसोने देवता हद्दपार केल्या. चिखलाची वाट, डबके, एकाकी ओक वृक्ष एवढ्यावर तो चित्र उभे करू लागला.

याची किंमत त्याने मोजली. पॅरिसच्या सरकारी प्रदर्शनात कोणती चित्रे लागावीत हे अकादमीतील मान्यवरांचे परीक्षक मंडळ ठरवी. डोंगरावरून उतरणाऱ्या गाईंचे त्याचे भव्य चित्र १८३६ साली नाकारले गेले. पुढे नकारांची अशी रांग लागली की, १८४१ नंतर त्याने चित्रे पाठवणेच सोडून दिले. लोक त्याला ‘थोर नाकारलेला’ म्हणू लागले. (गाईंचे ते चित्र आज डांबरयुक्त रंगामुळे काळवंडले आहे, तो दोष मात्र परीक्षकांचा नव्हे, त्याचा स्वतःचा.) १८४८ च्या फेब्रुवारीत राजा पळाला, प्रजासत्ताक आले आणि त्या वर्षीचे प्रदर्शन परीक्षकांविना भरले. नव्या सरकारने रूसोकडून फाँतेनब्लोच्या अरण्याचे एक चित्र मागवले. ते आज लूव्रमध्ये आहे. जे काम बारा वर्षांच्या रसिकचर्चेने झाले नाही, ते एका क्रांतीने केले.

तोवर रूसो या अरण्याच्या कडेला, बार्बिझाँ खेड्यात स्थिरावला होता. तेथे वनखाते जुने ओक तोडून पाइनच्या रांगा लावीत होते. दोरांनी ओढून झाडे पाडणाऱ्या मजुरांचे चित्र त्याने १८४७ साली आरंभिले आणि त्याला ‘निष्पापांचे हत्याकांड’ हे बायबलमधील नाव दिले. ते अपुरेच राहिले. १८५२ साली त्याने थेट सरकारदरबारी अर्ज धाडला : जुनी झाडी कुऱ्हाडीपासून वाचवा. दैवदुर्विलास असा की, प्रजासत्ताकाचा गळा घोटणाऱ्या तिसऱ्या नेपोलियनच्याच राजवटीने तो ऐकला. १८६१ च्या हुकुमाने १,०९७ हेक्टर भूमी ‘कलेसाठी’ राखीव झाली. अमेरिकेतील यलोस्टोन उद्यान त्यानंतर अकरा वर्षांनी आले.

येथे एक प्रश्न टाळता येत नाही. अरण्य राखले ते चित्रकारांच्या नजरेसाठी. त्याच भागातील सरपणाच्या मोळ्या वाहणाऱ्या बायका रूसोचा शेजारी मिले रंगवीत होता. हुकुमाच्या शब्दांत त्यांना जागा नव्हती. झाडाचे दुःख ज्याला इतके कळले, त्याच्या अर्जात झाडाखालच्या माणसाची बाजू यावी, ही अपेक्षा अवास्तव म्हणता येणार नाही.

तथापि माणूस कोरडा नव्हता. १८५५ साली मिले कर्जात बुडाला असता, कलम करणाऱ्या शेतकऱ्याचे त्याचे चित्र कुणा अमेरिकन गिऱ्हाइकाने ४,००० फ्रँकला घेतले. ते गिऱ्हाईक म्हणजे रूसोच होता. मित्राला उपकाराचे ओझे वाटू नये म्हणून त्याने परदेशी खरेदीदार कल्पून उभा केला. हे मिलेला बऱ्याच काळाने कळले.

१८६७ साली पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात रूसोच परीक्षक मंडळाचा अध्यक्ष झाला. त्याच वर्षी त्याला पक्षाघात झाला आणि २२ डिसेंबरला बार्बिझाँत तो वारला. उशाशी मिले होता. शायीच्या दफनभूमीत रूसोला पुरले. १८७५ साली मिलेलाही त्याच्याच शेजारी जागा मिळाली.