वरिष्ठ सभागृहाचा मतदार : परभणीचा अनुभव

निवडणुकीचा निकाल लागला म्हणजे आपण दोन आकडे वाचतो. एक विजयी उमेदवाराच्या मतांचा, दुसरा पराभूताच्या मतांचा. विधानसभेपुरते एवढे पुरते, कारण तेथील मतदार म्हणजे सर्व प्रौढ नागरिक, हे ठरलेलेच आहे. विधान परिषदेच्या बाबतीत मात्र आधी तिसरी गोष्ट पाहावी लागते. ती म्हणजे या निवडणुकीत मतदार कोण होता. ती पाहिल्यावाचून निकालांचा अर्थ लागत नाही, असे परभणीच्या अनुभवावरून मला वाटते.

परभणी जिल्हा पूर्वी हैदराबाद राज्यात होता. १९५२ साली तेथे निवडून आलेले विधिमंडळ एकाच सभागृहाचे होते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा मुंबई राज्यास जोडला गेला. मुंबईस १९३७ सालापासून दोन सभागृहे होती. म्हणजे वरिष्ठ सभागृह परभणीकरांस मिळाले ते या राज्यपुनर्रचनेबरोबर. आज महाराष्ट्र विधान परिषदेचे सभासद ७८ आहेत. त्यांपैकी ३० विधानसभेचे आमदार निवडतात, २२ स्थानिक स्वराज्य संस्थांचे सदस्य, ७ पदवीधर व ७ शिक्षक निवडतात, आणि १२ जणांची नेमणूक राज्यपाल करतात.

शहरातील सुशिक्षित कुटुंबाचा या सभागृहाशी दोन वाटांनी संबंध येतो. एक वाट आपल्या नगरसेवकाची. परभणी व हिंगोली या दोन्ही जिल्ह्यांतील नगरसेवक, जिल्हा परिषद सदस्य इत्यादी मिळून स्थानिक प्राधिकारी मतदारसंघ होतो. २०११ साली परभणीस महानगरपालिका झाली. २०१२ च्या पहिल्या निवडणुकीत ६५ पैकी ३० जागा राष्ट्रवादी काँग्रेसला व २३ काँग्रेसला मिळाल्या. त्याच वर्षी विधान परिषदेवर राष्ट्रवादीचे बाबाजानी दुर्राणी निवडून गेले. येथवर हिशेब सरळ दिसतो.

२०१७ साली महापालिकेत काँग्रेसला ३१, राष्ट्रवादीला १८, भारतीय जनता पक्षाला ८ व शिवसेनेला ६ जागा मिळाल्या. पुढल्याच वर्षी, मे २०१८ मध्ये, विधान परिषदेची निवडणूक झाली. त्या वेळी काँग्रेसच्या सुरेश देशमुख यांस २२१ मते पडली, आणि शिवसेनेचे विप्लव बाजोरिया २५६ मते मिळवून विजयी झाले. शहर हे मतदारसंघाचे केवळ एक अंग आहे, ही गोष्ट खरी. तथापि जेथे सारे मतदार काही शेकड्यांत मोजावयाचे, तेथे पस्तीस मतांचे अंतर म्हणजे अठरा जणांच्या मनातील पालट होय. मतदान गुप्त असल्याने ते अठरा कोण, हे कोणासच सांगता येत नाही. आपण ज्यास निवडून दिले त्याने आपल्या वतीने कोणास मत दिले, हे नागरिकास कधीच कळत नाही.

याहून विलक्षण प्रसंग २०२४ साली आला. त्या जूनमध्ये या जागेची मुदत संपली. परंतु जिल्हा परिषद व महापालिका यांच्या मुदती २०२२ मध्येच संपल्या होत्या. प्रभागरचना व आरक्षण यांविषयीच्या वादांत नव्या निवडणुका अडकल्या होत्या आणि कारभार प्रशासकांच्या हाती होता. मतदारसंघातील किमान तीन-चतुर्थांश संस्था चालू असल्यावाचून ही निवडणूक घेतली जात नाही. सभागृह होते, जागाही होती. मत देणारेच उरले नव्हते. जागा रिकामी झाली.

दुसरी वाट पदवीधरांची. मराठवाड्याच्या साऱ्या जिल्ह्यांचा मिळून औरंगाबाद विभाग पदवीधर मतदारसंघ आहे. २००८ साली राष्ट्रवादीचे सतीश चव्हाण यांनी ही जागा भारतीय जनता पक्षाकडून घेतली आणि २०१४ व २०२० साली ती राखली. २०२० मध्ये त्यांस १,१६,६३८ मते मिळाली, तर शिरीष बोराळकर यांस ५८,७४३. शिक्षक मतदारसंघातही विक्रम काळे यांनी २०२३ साली चौथा विजय मिळविला. एकाच व्यक्तीकडे जागा राहण्याचे श्रेय कोणी उमेदवाराच्या कामास देईल, कोणी पक्षास. परंतु यादीची रीतही ध्यानात घ्यावयास हवी. विधानसभेच्या यादीत एकदा आलेले नाव पुढे चालू राहते. पदवीधरांची यादी प्रत्येक निवडणुकीपूर्वी नव्याने होते. मागील वेळचे नाव या वेळी उपयोगी पडत नाही. अर्ज पुन्हा भरावा लागतो. अर्थात घरोघर अर्ज पोहोचविणारी व ते भरून घेणारी संघटना ज्याच्या पाठीशी, त्याचे अर्धे काम प्रचारापूर्वीच झालेले असते. यात बेकायदा काही नाही. उरलेल्या पदवीधरांनी ते काम दुसऱ्यांवर सोपविले, एवढाच त्याचा अर्थ.

यास्तव काही गोष्टी व्यवहाराच्या सांगतो. पदवी मिळून अर्हतादिनापर्यंत, म्हणजे सामान्यतः १ नोव्हेंबरपर्यंत, तीन वर्षे झालेली असावीत, आणि मतदारसंघात वास्तव्य असावे. असा पदवीधर नमुना १८ भरून नाव नोंदवू शकतो. घरातील लेकीसुनांच्या पदव्या पेटीत राहतात व अर्ज मात्र एकट्या पुरुषाचा जातो, असे होऊ देऊ नये. मतपत्रिकेवर पसंतीच्या उमेदवारापुढे १ हा आकडा लिहावयाचा असतो. पुढील पसंत्या ऐच्छिक आहेत. फुली अथवा बरोबरची खूण केली, किंवा सही केली, तर मत बाद होते. पदवीधरांच्या मतदारसंघातही अशी हजारो मते प्रत्येक वेळी फुकट जातात, ही खेदाची गोष्ट आहे.

नगरसेवक निवडताना आपण रस्ता, पाणी व दिवाबत्ती यांचा विचार करतो, तो योग्यच आहे. त्याबरोबर, हाच मनुष्य एके दिवशी आपल्या नावाने राज्याच्या वरिष्ठ सभागृहासाठी मत देणार आहे, हाही विचार असावा. मत मागावयास तो दारी येईल तेव्हा, त्या दिवशी तो कोणत्या विचाराने मत देणार आहे, हे त्यास अवश्य विचारावे.