कांदाचाळीच्या राखणीला उष्णता टिपणारा डोळा
(शेतकरी मेळाव्यातील भाषण)



चाळीतला कांदा म्हणजे वर्षाची कमाई. पण राखणीसाठी रोज रात्र जागणे शक्य नसते. अशा वेळी पीआयआर संवेदक उपयोगी पडतो. माणसाच्या वा जनावराच्या अंगातून निघणारे, साधारण ८ ते १४ मायक्रोमीटर तरंगलांबीचे अवरक्त किरण तो टिपतो व दिवा किंवा भोंगा सुरू करतो.

संवेदक २ ते २.५ मीटर उंचीवर, येणारा त्याच्यासमोरून आडवा जाईल असा बसवावा. थेट ऊन व हलत्या फांद्या समोर नसाव्यात. भिंगावरची धूळ मऊ फडक्याने पुसावी. उन्हाळ्यात हवा अंगाइतकी तापली, की तो चुकू शकतो. म्हणून कुलूप आणि अधूनमधून फेरी सोडू नये.