चोराची मंत्रविद्या

मेजाभोंवतीं बसून वाणी आणि फांसे यांच्या बळावर खेळावयाचा ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा अमेरिकन खेळ १९७४ सालीं निघाला. प्रत्येक गडी कथेंतील एका पात्राचें सोंग घेतो. त्यांत चोराचें सोंग १९७५ च्या पुरवणीनें आलें. २०१४ च्या नियमांत तर तिसऱ्या पायरीवर या चोरास मंत्रविद्याही शिकतां येते.

पण पंचाईत अशी, कीं बहुतेक मंत्रांस उच्चार हवा आणि चोराचें सारें बळ मौनांत! तोंडांत बोळा असला, तर असा मंत्र म्हणतांच येत नाहीं. अदृश्य होण्याच्या मंत्रानें देह लपतो, पण पाऊल वाजावयाचें राहत नाहीं. शिवाय त्या अवस्थेंत वार केला वा दुसरा मंत्र म्हटला, कीं पहिला उतरलाच.

म्हणून जाणता गडी भिंतीआडच मंत्र म्हणून घेतो. मग मिनिटभर टिकणारा त्याचा अदृश्य हात ३० फुटांवरील कुलूप उघडूं शकतो.

हा निव्वळ पोरखेळ समजूं नये. हातीं आलेली शक्ति केव्हां वापरूं नये, याचा विचार त्यांत पदोपदीं करावा लागतो; आणि तो विवेक शाळेच्या पुस्तकांतून सहसा लाभत नाहीं.