आपल्या भोवतालची आगगाडी

वडगाव निंबाळकरच्या रस्त्यावर उभे राहिले, की एका हाताला नीरा आणि दुसऱ्या हाताला बारामती. दोन्ही टोकांना आगगाडीचे स्टेशन आहे, पण मधल्या गावात गाडीची शिट्टी काही ऐकू येत नाही. त्यामुळे आमच्याकडची पुष्कळ माणसे वर्षातून एखाद्या वेळीच गाडीत बसतात, आणि स्टेशनाची नीट ओळख व्हायची राहूनच जाते. आज ती ओळख करून द्यावी, असा माझा विचार आहे.

आधी थोडा इतिहास. 16 एप्रिल 1853 रोजी मुंबईहून ठाण्याला पहिली गाडी गेली. पाच वर्षांनी, म्हणजे 1858 साली, रूळ पुण्यास आले. बोरघाटाचे काम मात्र 1863 पर्यंत चालले होते. तोवर उतारूंना गाडीतून उतरून घाट पालखीने किंवा पायी चढावा लागे. पण पुण्याच्या पुढचे काम घाटासाठी अडले नाही. दौंडवरून रूळ पुढे सरकले आणि 1860 साली सोलापूर गाठले. 1878 साली दौंडहून मनमाडला फाटा निघाला व दौंड जंक्शन झाले.

दुसरा मार्ग पुण्याहून जेजुरी, वाल्हे, नीरा, लोणंद असा मिरजेकडे गेला. तो सदर्न मराठा रेल्वेने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बांधला. तिसरा मार्ग आपल्या बारामतीचा. 1876-77 च्या दुष्काळानंतर नीरा डावा कालवा झाला, शेताला पाणी मिळाले, ऊस वाढला आणि गुळाच्या ढेपा बाजारात येऊ लागल्या. अशा या मुलखात 1914 साली दौंड-बारामती ही छोटी गाडी सुरू झाली. अंतर सुमारे 44 किलोमीटर.

आता गंमत पाहा. दौंडचे रूळ 1676 मिलिमीटर रुंदीचे, नीरेचे 1000 मिलिमीटरचे आणि बारामतीचे अवघे 762 मिलिमीटरचे! आपल्या भोवती तीन स्टेशने आणि तिन्हींची मापे निराळी. एका मापाचा डबा दुसऱ्या मापाच्या रुळावर चालत नाही. म्हणून बारामतीचा माल दौंडला छोट्या डब्यातून उतरवायचा आणि मोठ्या डब्यात पुन्हा भरायचा. हमाली दोनदा, वेळ दुप्पट. आणि पाऊस लागला तर गुळाचे काय होते, ते शेतकऱ्याला मी सांगायला नको. नीरेचा मार्ग 1971 साली रुंद झाला. बारामतीचाही विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात झाला, आणि ही उतरा-चढ संपली. लोणंदहून फलटणपर्यंत नवा फाटा निघाला असून, 2021 साली पुणे-फलटण गाडीही सुरू झाली.

हे झाले रुळांचे. आता एक घरची गोष्ट सांगतो. 1961 चा पावसाळा. मी तेव्हा दहा वर्षांचा होतो. थोरल्या भावाला पुण्याहून नोकरीच्या मुलाखतीचे पत्र आले. वडिलांनी गावात गाडीची वेळ विचारली. कोणी तरी सांगितले, "सहा-दहा." वडील समजले, सहापासून दहापर्यंत केव्हा तरी! रात्री बैलगाडी जुंपली, वाटेत ओढ्याला पाणी, तरी घाई नाही. बारामतीस पोचलो तेव्हा सात वाजून गेले होते. फलाट मोकळा होता. गाडी सहा वाजून दहा मिनिटांनी सुटून गेली होती. वेळेचा फळा समोरच लावलेला होता, पण वडिलांना वाचता येत नव्हते, आणि मला वाचता येत असून वाचायचे कसे ते ठाऊक नव्हते. भाऊ पुण्यास पोचला तेव्हा मुलाखती उरकल्या होत्या. तो जन्मभर शेतीतच राहिला. वडिलांनी दोष कोणाला दिला नाही. पण "सहा-दहा" हा शब्द पुन्हा घरात कोणी उच्चारला नाही.

म्हणून मंडळी, वेळापत्रक वाचायला शिका. रेल्वेचे घड्याळ चोवीस तासांचे असते. 18-10 म्हणजे संध्याकाळचे सहा वाजून दहा मिनिटे. बारापेक्षा मोठा आकडा दिसला, की त्यातून बारा वजा करा. सगळ्यांत मोठा फसवा आकडा मध्यरात्रीचा. तिकिटावर 5 तारीख आणि वेळ 00-15 असेल, तर 4 तारखेला रात्रीच जेवून स्टेशनावर जायला हवे. 5 तारखेच्या रात्री गेलात, तर गाडी आदल्या रात्रीच गेलेली असेल. शिकली-सवरलेली माणसेही इथे फसतात. शिवाय गाडी रोज आहे की ठराविक वारी, हेही पाहून ठेवावे.

आता सोयी. जवळच्या प्रवासाला अनारक्षित तिकीट खिडकीवर मिळते, मोबाईलवरही काढता येते. पाच वर्षांखालच्या मुलाला वेगळी जागा घेतली नाही, तर तिकीट लागत नाही. पाच ते बारा वर्षांच्या मुलाला अनारक्षित डब्यात अर्धे तिकीट. आरक्षणात स्वतंत्र जागा मागितली, तर पूर्ण पैसे. चौकशी किंवा तक्रार करायची असो, वा प्रवासात कोणी आजारी पडो, 139 हा एकच क्रमांक लक्षात ठेवा. पार्सल मात्र प्रत्येक स्टेशनावर घेतातच असे नाही. माल गाडीत घालून नेण्यापूर्वी विचारून घ्यावे.

शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती. मुलांना एकदा नीरा किंवा बारामतीच्या स्टेशनावर घेऊन जा. वेळेच्या फळ्यासमोर उभे करा आणि विचारा, "ही गाडी किती वाजता सुटते? पुढच्या स्टेशनाला किती वेळ लागतो?" गणिताचा हा धडा पुस्तकातल्यापेक्षा अधिक पक्का बसेल. घरी जाऊन ती मुले आपल्या आजोबांनाही सांगतील.

कोणाच्या तरी पोराची मुलाखत उद्या-परवा असेलच. त्याची गाडी चुकू नये, एवढ्यासाठीच हे बोललो.