छेदाची धास्ती आणि पंधरा भुंगे

वाण्याच्या दुकानात पाव किलो साखर आणि पाऊण किलो गुळाचा हिशेब उभ्या उभ्या करणारा मुलगा वहीत ‘क्ष’खाली ४ हा छेद दिसला की पेन खाली ठेवतो. गणित शिकवताना हे मी पुन्हा पुन्हा पाहिले आहे. एकेकाळी आपल्याकडे पावकी, निमकी, पाऊणकी, दिडकी मुलांना तोंडपाठ असत. अपूर्णांक आपल्याला परके नाहीत. पण समीकरणात त्यांची धास्ती बसली, की ती पुढे विज्ञानाच्या सूत्रांपर्यंत पाठ सोडत नाही. ‘मला गणित जमत नाही’ असा शिक्का मूल स्वतःवर मारून घेते.

एक जुने कोडे घेऊ. भास्कराचार्यांच्या ११५० सालच्या ‘लीलावती’तले. (चाळीसगावजवळच्या पाटणच्या शिलालेखात त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची नोंद आहे.) भुंग्यांच्या थव्यातला पाचवा भाग कदंबावर गेला, तिसरा भाग शिलींध्राच्या फुलावर. या दोन भागांतल्या फरकाच्या तिप्पट भुंगे कुड्याकडे गेले. एकच भुंगा केतकी आणि मालतीच्या सुगंधात घुटमळत राहिला. तर भुंगे एकूण किती?

एकूण भुंगे क्ष मानू. एका बाजूला क्ष. दुसऱ्या बाजूला क्षचा पाचवा भाग, तिसरा भाग, त्यांच्या फरकाची तिप्पट आणि उरलेला १. छेद ५ आणि ३, त्यांचा लसावि १५. आता समीकरण म्हणजे तराजू. दोन्ही पारड्यांतले वजन पंधरापट केले तरी काटा मध्येच राहतो. म्हणून दोन्ही बाजूंना १५ ने गुणू. डावीकडे १५ क्ष. उजवीकडे ३ क्ष, ५ क्ष, फरकाचे ६ क्ष आणि १५. म्हणजे १५ क्ष बरोबर १४ क्ष अधिक १५. क्ष बरोबर १५. छेद गेले, उत्तर आले.

पालकांनी लक्ष ठेवावे अशी जागा इथेच आहे. मुले छेद असलेल्या पदांना १५ ने गुणतात आणि बिचाऱ्या एकट्या १ ला तसेच सोडतात. मग उत्तर येते, क्ष बरोबर १. एका भुंग्याचा पाचवा भाग कदंबावर कसा जाणार? पारड्यातल्या प्रत्येक वस्तूला गुणायचे, छेद असो वा नसो. आणि हा गुणाकार समीकरणातच चालतो. नुसती अपूर्णांकांची बेरीज करताना दुसरे पारडेच नसते, तिथे छेद उडवता येत नाही.

लीलावतीत ‘इष्टकर्म’ नावाची आणखी एक वाट आहे. सोयीची संख्या धरून चालायचे. समजा, भुंगे ३०. मग ६, १० आणि फरकाची तिप्पट १२ गेले, उरले २. उरायला हवा १, म्हणजे निम्मा. म्हणून भुंगेही ३० च्या निम्मे, १५. ‘क्ष’ न लिहिताही तेच उत्तर.

मुलाने उत्तर दाखवले की ‘बरोबर’ किंवा ‘चूक’ असे लगेच म्हणू नका. ‘कोड्यात घालून पाहिलेस का?’ एवढेच विचारा. ३, ५, ६ आणि १, बेरीज १५. हा ताळा त्याने स्वतः जुळवला, की छेदाची धास्ती निम्म्याने तरी उतरते.