कॅल्क्युलेटरच्या दुकानातून क्विक हील

मोहर्लीच्या बचत गटातून आम्ही बोलतो आहोत.

डिसेंबरात सफारीची गर्दी ऐन भरात असताना आमच्यातल्या एकीच्या होमस्टेला फोन आला. माणूस हिंदीतून अगदी अदबीनं बोलला. फौजेत आहे म्हणाला, दोन खोल्या हव्यात, ॲडव्हान्स आत्ताच पाठवतो. मग त्यानं व्हॉट्सॲपवर तो चौकोनी कोड पाठवला आणि सांगितलं, हा स्कॅन करा, पिन टाका, पैसे तुमच्या खात्यात येतील. तिनं पिन टाकला. आले काहीच नाही, गेले साडेनऊ हजार. पंधरा दिवस तिनं घरात कोणाला सांगितलं नाही, आम्हालाही नाही. गटाचा हप्ता भरायचा दिवस आला तेव्हा रडत रडत सगळं बाहेर आलं.

तिची मुलगी शेजारीच बसली होती. बारावी झालेली पोरगी. ती म्हणाली, "माय, पैसे घ्यायले पिन लागतच नाही. पिन टाकला का पैसे आपल्याकडून जातात." आम्ही सगळ्या गप्प. आमच्यातल्या निम्म्या जणींना हे माहीतच नव्हतं. मग तिनं हळूच दुसरी गोष्ट काढली. चंद्रपूरला मोबाइल दुरुस्तीचा कोर्स आहे, मला तो करायचा आहे. तिची माय उसळलीच. "बारावी शिकवलं ते दुकानात बसून पेचकस धरायले काय?"

त्यावर बरंच बोलणं झालं. त्यातूनच आज कैलास काटकर यांची गोष्ट सांगायचं आम्ही ठरवलं. चंद्रपुरात कॉम्प्युटरच्या दुकानात क्विक हील असं नाव छापलेला डबा तुम्ही पाहिला असेल. कॉम्प्युटरला व्हायरसपासून वाचवणारा तो प्रोग्रॅम. ती कंपनी ज्यांनी उभी केली, त्यांची सुरुवात पेचकसापासूनच झाली.

काटकरांचं घराणं सातारा जिल्ह्यातल्या रहिमतपूरकडचं, कैलास वाढले पुण्यात. वडील कारखान्यात कामाला. दहावीनंतर त्यांनी शिक्षण सोडलं आणि रेडिओ-कॅल्क्युलेटर दुरुस्तीच्या दुकानात नोकरी धरली. पगार महिना 400 रुपये. ही 1985 च्या आसपासची गोष्ट. त्या वेळी बँकांत, कचेऱ्यांत हिशेबाची मोठमोठी यंत्रं असायची आणि ती बिघडली की दुरुस्त करणारा माणूस शोधावा लागायचा. पाचेक वर्षं हात बसल्यावर त्यांनी मंगळवार पेठेत लहानशी जागा भाड्यानं घेऊन स्वतःचं दुरुस्तीचं दुकान टाकलं. भांडवल होतं सुमारे 15,000 रुपये.

एकदा एका बँकेत त्यांना काचेच्या पलीकडे टीव्हीसारखं एक यंत्र दिसलं. चौकशी केली तेव्हा कळलं, हा कॉम्प्युटर. बँकेतले लोक तेव्हा त्याच्यावर नाराज होते, हा आला तर आपली नोकरी जाईल म्हणून. काटकरांच्या मनात वेगळंच आलं. हा येणार असेल तर बिघडणारही, आणि बिघडला तर कोणीतरी दुरुस्त करायला लागेलच. त्यांनी पुस्तकं आणून स्वतः शिकायला सुरुवात केली. दुरुस्ती करणाऱ्याची नजर अशीच असते. नवी वस्तू दिसली की आपण तिची किंमत विचारतो, तो तिचे स्क्रू कुठे आहेत ते बघतो.

आता धाकट्या भावाबद्दल सांगितलंच पाहिजे. कैलास काटकर दहावीवर थांबले आणि एवढे मोठे झाले, अशी ही गोष्ट नेहमी सांगितली जाते. ती ऐकून आमच्या एका पोरानं लगेच शाळा सोडायची भाषा केली! पण ती अर्धीच गोष्ट आहे. धाकटा भाऊ संजय, त्यानं कॉम्प्युटरचंच शिक्षण घ्यावं असा कैलास यांनी आग्रह धरला. संजय पुण्याच्या मॉडर्न कॉलेजात कॉम्प्युटर शिकले, पुढे पदव्युत्तरही झाले. घरात कमावता हात दुरुस्तीच्या दुकानाचा, शिकता हात संजयचा. एकानं शाळा सोडली तेव्हा दुसऱ्याची शाळा चालली. आपल्याकडे हे काही नवीन नाही, फक्त आपल्याकडे थांबते ती बहुतेक वेळा मुलगी.

दुकानात दुरुस्तीला येणाऱ्या कॉम्प्युटरांत बरेचसे व्हायरसनं बिघडलेले असायचे. तेव्हा घराघरात इंटरनेट नव्हतं. फ्लॉपी नावाची चपटी चकती एका कॉम्प्युटरमधून काढून दुसऱ्यात घालायची, आणि व्हायरस त्या चकतीबरोबर फिरायचा. सोंडे लागलेले तांदूळ शेजारणीकडून आणून आपल्या कणगीत ओतले तर काय होतं, तसंच. त्या काळी मायकेलअँजेलो नावाचा एक व्हायरस होता. तो वर्षभर मुकाट पडून राहायचा आणि 6 मार्चला, त्या चित्रकाराच्या जन्मदिवशी, कॉम्प्युटरमधली माहिती पुसून टाकायचा. अशा एकेका व्हायरसला काढणारे छोटे छोटे प्रोग्रॅम संजय लिहीत गेले आणि ते एकत्र करून क्विक हील तयार झालं. हे 1995 च्या सुमाराचं. आपला ताडोबा-अंधारी व्याघ्र प्रकल्प झाला तोही याच काळात, म्हणजे दोघंही आमच्या थोरल्या पोरांच्या वयाचे.

व्हायरस ओळखायचा कसा, हे मात्र आपल्या मोहर्लीच्या बाईला लगेच समजेल. प्रत्येक वाघाच्या अंगावरचे पट्टे वेगळे. कॅमेऱ्यात फोटो आला की पट्टे जुळवून पाहतात आणि हा अमुक वाघ असं सांगतात. क्विक हीलसारखा प्रोग्रॅमही तेच करतो. ओळखलेल्या व्हायरसांच्या खुणांची यादी त्याच्याजवळ असते आणि प्रत्येक फाइल तो त्या यादीशी ताडून बघतो. पण बाहेरून नवा वाघ आला तर? यादीत त्याचे पट्टे नसतातच. म्हणून यादी रोज नवी करावी लागते. असा प्रोग्रॅम "अपडेट करा" असं सांगतो ते यासाठी. डेटा जातो म्हणून आम्ही कित्येक महिने ते पुढे ढकलत होतो, हे कबूल करतो.

माल चांगला होता, किंमतही फार नव्हती. सुरुवातीला 700 रुपये, बाकीच्यांपेक्षा बरीच कमी. तरी खप होईना. पुण्याबाहेर नाव कोणाला माहीत नाही, आणि भारतात, तेही मंगळवार पेठेत बनवलेला प्रोग्रॅम परदेशी प्रोग्रॅमच्या तोडीचा असेल यावर गिऱ्हाइकांचा विश्वास नाही. 1999 च्या सुमारास हे काम बंद करावं इथपर्यंत वेळ आली होती. मोहाचं लोणचं घेऊन नागपूरच्या प्रदर्शनात तीन दिवस बसून सात बाटल्या विकल्या तेव्हा आमचंही मन असंच खचलं होतं. काटकर बंधूंनी मग विक्रीची माहिती असलेली माणसं सोबत घेतली, पुण्याबाहेर नाशिकला शाखा काढली, तिथून पुढे गावोगाव. आणि विकायचं कोणामार्फत? कॉम्प्युटर दुरुस्त करणाऱ्या दुकानदारांमार्फत. ज्याच्याकडे बिघडलेला कॉम्प्युटर येतो, त्याचा शब्द गिऱ्हाईक मानतं. हे त्यांना स्वतःच्या दुकानावरून ठाऊक होतं. आमच्या मते सगळ्या गोष्टीतली हीच खरी हुशारी.

पुढचं भराभर सांगतो. 2007 मध्ये कंपनीचं नाव क्विक हील टेक्नॉलॉजीज झालं. 2010 मध्ये सिकोया या गुंतवणूक कंपनीनं 60 कोटी रुपये घातले. फेब्रुवारी 2016 मध्ये कंपनी शेअर बाजारात आली. पहिल्या दिवशी शेअर ठरलेल्या 321 रुपयांच्या खालीच राहिला, हेही सांगायला हवं. कैलास यांच्या पत्नी अनुपमा काटकर कंपनीच्या कारभारात आहेत आणि कंपनीच्या फाउंडेशनचं कामही पाहतात. हे फाउंडेशन कॉलेजच्या मुलामुलींना तयार करून शाळांत, गावांत सायबर फसवणुकीची माहिती द्यायला पाठवतं.

त्याची गरजही आहे, कारण आता चोराची वाट बदलली. आमच्या मैत्रिणीच्या फोनमध्ये व्हायरस शिरला नव्हता. पिन तिनं स्वतःच्या बोटानं टाकला होता. 2023 साली ताडोबाच्या ऑनलाइन बुकिंगचे बारा कोटींहून जास्त रुपये भरलेच नाहीत अशी तक्रार चंद्रपुरात पोलिसांकडे गेली, तेव्हाही प्रश्न माणसांवरच्या विश्वासाचा होता. व्हॉट्सॲपवर लग्नपत्रिका म्हणून, नाहीतर सरकारी योजनेचा फॉर्म म्हणून ॲपची फाइल येते, ती उघडली की फोनमधले मेसेज, बँकेचे ओटीपी दुसऱ्याच्या हाती जातात. तिथे प्रोग्रॅम उपयोगी पडतो. गोड बोलणाऱ्या फौजीपुढे तो काय करणार?

पैसे गेले तर लगेच 1930 या नंबरला फोन लावा. दिवसरात्र, पैसे लागत नाहीत. जितका लवकर फोन, तितकी ती रक्कम पुढच्या खात्यात अडवली जायची शक्यता जास्त. आमच्या मैत्रिणीनं पंधरा दिवस लाजेपोटी घालवले, तोवर तिचे साडेनऊ हजार कुठल्या कुठे गेले होते. तक्रार आम्ही केली आहे, पण पैसे अजून आलेले नाहीत.

आणि ती पोरगी? मायनं आठ दिवस अबोला धरला. मग एका रात्री तिचाच फोन चार्जिंग घेईना. पोरीनं घरातली सुई आणि जुना टूथब्रश घेऊन चार्जिंगची जागा साफ केली, फोन सुरू झाला. कोर्सची अर्धी फी आता गटातून कर्जाऊ द्यायची ठरली आहे, दोन टक्क्यांनी, सगळ्यांना देतो तशीच. पुढच्या महिन्यापासून ती सकाळच्या एसटीनं चंद्रपूरला जाईल.

मंगळवारी गेट बंद असतं, तेव्हा त्या दिवशी दुपारी दोन वाजता ती आपल्या सगळ्यांचे फोन तपासून देणार आहे. अनोळखी ॲप काढून टाकायचं, अपडेट करायचं. समाज मंदिरात या. फोन चार्ज करून आणा, आणि पिन कोणालाच सांगू नका, तिलाही नाही.