पाण्याआधी विरघळणारी भुकटी



कामगार संघटनेच्या माणसाला व्याख्यानमालेत बोलावले म्हणजे तो पगार, बोनस आणि महागाईभत्ता यांवर बोलणार, असे धरून आपण आला असाल. आज आम्ही काळाच्या एका कोड्याविषयी बोलणार आहोत. आमचे शाळेतले शिक्षण सातवीत संपले. पुढचे सारे पाळी सुटल्यावर नगरवाचनालयात झाले. तेव्हा चूकभूल पदरात घ्यावी.

न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात आयझॅक असिमॉव्ह नावाचा एक तरुण रसायनशास्त्राच्या डॉक्टरेटसाठी प्रयोग करीत होता. जन्म रशियातला, ब्रुकलिनमध्ये बापाच्या गोळ्याचॉकलेटांच्या दुकानात राबत तो वाढला. प्रयोगासाठी तो कॅटेकॉल नावाचा पदार्थ पाण्यात टाकी. तो पाण्याला लागताक्षणी विरघळे. असिमॉव्हच्या मनात आले, हा याहून थोडा अधिक विद्राव्य असता, तर पाणी पडण्याआधीच विरघळला असता!

झाले. या कल्पनेवर त्याने एक खोटा शोधनिबंध रचला. तक्ते, आलेख, अस्तित्वातच नसलेल्या नियतकालिकांचे संदर्भ, सगळे अगदी गंभीर चेहऱ्याने! पदार्थाचे नाव थायोटिमोलिन. मार्च 1948 मध्ये तो एका विज्ञानकथांच्या मासिकात छापून आला. परीक्षकांना राग येईल या भीतीने त्याने टोपणनाव घालावयास सांगितले होते. संपादकांनी खरेच नाव छापले. मे महिन्यात तोंडी परीक्षा झाली, आणि तिच्या शेवटी एका परीक्षकाने या थायोटिमोलिनच्या गुणधर्मांविषयीच प्रश्न टाकला. असिमॉव्हला हसू आवरेना. थट्टा करतात म्हणजे आपल्याला नापास करणार नाहीत, हे त्याने ओळखले; आणि तसेच झाले.

आता त्या खोट्या शास्त्रातले मर्म पाहा. एका लहानशा भांड्यात भुकटी, तिच्यातून प्रकाशाचा किरण, पलीकडे तो टिपणारे यंत्र. भुकटी विरघळली की किरण आरपार जातो. त्या क्षणाची नोंद होते, पाणी पडल्याचीही नोंद होते. दोहोंतील अंतर 1.12 सेकंद, आणि विरघळणे आधी! कार्य आधी, कारण मागून. काळाच्या कोड्याला असे चक्क मोजमाप लाभले.

पण गंमत पुढेच आहे. पाणी ओतणाऱ्याचा निश्चय पक्का असेल तरच भुकटी वेळेआधी विरघळते. तो मनात कचरला, की अंतर घटते. 1953 साली असिमॉव्हने याच विषयावर दुसरा लेख लिहिला. त्यात हे यंत्र माणसाच्या इच्छाशक्तीचे माप घेऊ लागले. मन दुभंगलेले असेल तर काही भुकटी आधी विरघळे आणि काही मागे राही. 1960 सालच्या तिसऱ्या लेखात काहींनी लबाडी करून पाहिली. भुकटी विरघळू द्यायची आणि मग पाणी ओतायचेच नाही! पण लबाडी चालत नाही. कोठून तरी पाणी येतेच, मग त्यासाठी वादळ आणि पूर का येईना.

हे सारे कल्पित आहे. खऱ्या शास्त्रात कार्य कारणाच्या आधी घडलेले अद्याप कोणी पाहिलेले नाही. 1949 साली गोडेल या गणितज्ञाने आइन्स्टाइनच्या समीकरणांतून कागदावर भूतकाळाकडे जाणारी वाट काढून दाखविली. पुढे 28 जून 2009 रोजी स्टीफन हॉकिंग यांनी काळप्रवाशांसाठी मेजवानी मांडली आणि तिचे निमंत्रण मेजवानी उरकल्यावर जाहीर केले. अर्थातच कोणी फिरकले नाही.

मग आम्हा कामगारांना या भुकटीचे काय? सांगतो.

काही वर्षांपूर्वी एका कारखान्यात पगाराचा करार संपला आणि वर्ष उलटले तरी मालक बोलावयास तयार होईनात. आम्ही दारसभा घेतली. संपाला कोण कोण तयार, म्हणून विचारले. सगळे हात वर! आम्ही हात मोजले, घोषणा दिल्या आणि संप पुकारला. चौथ्या दिवशी निम्मे लोक फाटकाच्या आत होते. आठव्या दिवशी संप मोडला. तिघांची नोकरी गेली, ती कायमची. त्यांतल्या एकाच्या घरी आम्ही गेलो, तेव्हा त्याची बायको म्हणाली, “भाऊ, तुम्ही हात मोजलेत. आमच्या डब्यातले पीठ कोणी मोजले?”

आम्हाला उत्तर देता आले नाही. आजही देता येत नाही.

मग मागे वळून पाहिले, तेव्हा ध्यानात आले की संप मोडणार हे आधीच दिसत होते. ज्यांचा निश्चय असतो ते संपाआधी वाण्याकडे जाऊन उधारीचे बोलून ठेवतात, पोरांना आजोळी पाठवितात, घरी बसून हिशेब मांडतात. त्या खेपेस यांतले काहीच झाले नव्हते. वाण्याची वही कोरी होती. आमचे यंत्र तेथे होते, आणि आम्ही ते वाचले नाही.

तीन वर्षांनी पुन्हा तीच वेळ आली. या खेपेस हात वर करा म्हटले नाही. महिनाभर घरोघर गेलो. “घरी बोललास का? किती दिवसांचे धान्य आहे?” एवढेच विचारले. कोणी नाही म्हटले तर त्याला दूषण दिले नाही. त्या तिघांसाठी वर्गणीचा डबा फिरविला. मग नोटीस दिली. संप सोमवारी व्हावयाचा होता. मालकांनी शनिवारी रात्री बोलावून करारावर सही केली.

पाणी ओतण्याआधी भुकटी विरघळली! न झालेल्या संपाने पगारवाढ मिळवून दिली. हे कोडे वाटते खरे, पण त्यात चमत्कार नाही. सोमवारने शनिवारवर काही केले नाही. जे केले ते महिनाभर घरोघर झालेल्या निश्चयाने केले, आणि तो शनिवारच्या आधीचाच होता.

एक मात्र असिमॉव्हच्या जगात आहे आणि आमच्या जगात नाही. तेथे पोकळ निश्चय केलात तर भुकटीच विरघळत नाही, यंत्र तत्काळ सांगते. येथे पोकळ हातही वर होतात, मोजले जातात, आणि त्याची किंमत भलत्याच तिघांना मोजावी लागते. म्हणून पुढाऱ्याने हात मोजण्याआधी पीठ मोजावे. आम्ही ते उशिरा शिकलो. आपण लवकर शिकावे, एवढीच विनंती.